फिल्ममध्ये तारपा का नाही?

स्क्रीनिंग संपलं की कोणीतरी माइक मागतंच. "तुम्ही स्वतः वारली, मग फिल्ममध्ये तारपा का नाही?" तारपा म्हणजे आमचं भोपळ्याचं, फुंकून वाजवायचं वाद्य; त्याच्याभोवती फेर धरून नाचतात. पाठोपाठ "तुमची इतकी समृद्ध संस्कृती" सुरू होतं. मग मी पाणी पिते.

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. फिल्म वीटभट्टीवरची आहे. दिवाळी झाली की जव्हार-मोखाडा-विक्रमगडचे कितीतरी पाडे ओस पडतात. बयाणा उचललेली कुटुंबं भिवंडी-वसईकडे जातात, ती पावसाच्या तोंडाशी परततात. तिथे विटा पाडतात, नाचत नाहीत. झालं उत्तर.

हे खरं आहे, पण मला सोयीचंही आहे.

फिल्म करायला लागण्याआधी मी एका माहितीपटाच्या युनिटमध्ये माणसं जमवायचं काम करायचे. भात तयार झालं की तारपा निघतो, पण यांच्या तारखा मे महिन्यातल्या. काका तारपा वाजवतात. पैसे मिळणार होते, तयार झाले. पोरांचे टी-शर्ट उतरवले. चुलत बहीण बोईसरला कंपनीत पॅकिंगला जायची. तिला लुगडं नेसवलं, घड्याळ काढायला लावलं. इथवर सगळे हसत होते, मीसुद्धा.

कमरेला हात गुंफून फेरा सुरू झाला, मध्ये काका. दिग्दर्शक म्हणाले, चेहरे दिसत नाहीत, सगळ्यांना कॅमेऱ्याकडे वळवा. मी सांगितलं, नाचताना आमच्यात तारप्याकडे पाठ करत नाहीत. "एका शॉटपुरतं हो!" पोरं वळली. काकांनी वाजवणं थांबवलं. चिडले नाहीत. उन्हाने भोपळ्याचं मेण मऊ झालंय म्हणाले आणि सावलीला जाऊन बसले. मेणाला काही झालं नव्हतं. युनिटने नंतर भलत्याच तारप्याचा आवाज त्या नाचावर चढवला.

त्या दिवशी ठरवलं, तारपा शूट करायचा नाही. तेव्हाची मी, ती मुलगी, फार ठाम होती. आता मी तिच्याशी भांडते. चित्रकार जिव्या सोमा मशे यांना २०११ साली पद्मश्री मिळाली, त्याच्या कितीतरी आधीच वारली चित्रं जगभर पोचली होती. तारप्याचा फेरा आज चादरींवर आहे, हॉटेलांच्या भिंतींवर आहे. तू कॅमेरा बंद ठेवून काय राखलंस? ती म्हणते, तारपा दाखवायला रांग लागलीये, भट्टी कोण दाखवणार होतं? यावर माझ्याकडे उत्तर नाही. पण काका फिल्म बघून म्हणाले, "सगळी दिसली, मीच नाय दिसलो." थट्टा होती की रुसवा, अजून कळलेलं नाही. त्यांच्यानंतर आमच्या पाड्यात वाजवणारं कोणी नाही, हेही त्या मुलीच्या हिशेबात नव्हतं.

यंदा भातकापणीला काकांनी बोलावलंय, कॅमेऱ्यासकट. जाणार आहे. कॅमेरा बाहेर काढीन की नाही, विचारू नका. बहिणीने मात्र आत्ताच बजावलंय: घड्याळ काढणार नाही, आणि खाडा पडला तर रोज तू द्यायचा.