कॉपरची गॅस लाइन : पाइपचं राहू द्या, जॉइंट कोण मारतंय ते बघा

गॅसची लाइन कॉपरची करायची म्हटलं की पहिला प्रश्न ठरलेला, तांबं गॅसला चालतं का? चालतं की. बऱ्याच देशांत कित्येक वर्षं चालत आलंय. लोखंडासारखं गंजत नाही, हवं तसं वळवता येतं आणि सलग लांब तुकडा मिळतो म्हणून मध्ये जोड कमी येतात. मला विचाराल तर हा शेवटचा मुद्दाच सगळ्यात मोठा, कारण गॅस सरळ धड पाइपातून सहसा गळत नाही, तो गळतो जोडातून, नाहीतर कुणीतरी फोटो टांगायला जिथे ड्रिल घातलं तिथून. तरी लोक पाइपवर तासभर काथ्याकूट करतात आणि जॉइंट कोण मारणार, कसा मारणार हे विचारायचंच राहून जातं.

पाइपमध्ये बघायची गोष्ट म्हणजे त्याच्या अंगाची जाडी. अमेरिकन मापात के, एल आणि एम असे प्रकार येतात, त्यातला के सगळ्यात जाड आणि एम सगळ्यात पातळ, आणि तिथल्या नियमात गॅसला के किंवा एल घ्यायचा, एम नाही. तुमच्याकडे नावं वेगळी असतील, पण स्वस्तातला पातळ पाइप गॅसला नको हे सगळीकडे सारखंच.

दुसरं म्हणजे गॅस कुठला ते. गॅसमध्ये हायड्रोजन सल्फाइड असेल तर तांब्याला आतून काळी खपली धरते, ती सुटते आणि पुढे जाऊन बर्नरच्या जेटमध्ये नाहीतर व्हॉल्व्हमध्ये अडकते. अमेरिकन कोडात याची हद्द घनमीटरला साधारण 7 मिलिग्रॅम धरली आहे, त्याच्या वर कॉपर नको. सिलिंडरच्या किंवा पाइपलाइनच्या गॅसला सहसा हा त्रास येत नाही, पण बायोगॅस न गाळता सरळ कॉपरमधून आणायचा विचार असेल तर सोडून द्या.

आता जॉइंट. इथे घोळ होतो तो असा की घरी येणारा माणूस एकतर पाण्याची लाइन करणारा असतो नाहीतर एसीवाला, आणि दोघंही आपापली सवय घेऊन येतात. पाण्यावाला कथलाचा डाग (सोल्डर) देतो, तो साधारण 180 ते 230 अंशांना वितळतो. पाण्याला ठीक आहे, पण स्वयंपाकघरात आग लागली तर हाच जोड सुटणार आणि आगीला आयता गॅस मिळत राहणार. म्हणून अमेरिकेत गॅसला ब्रेझिंग लागतं, ज्याचा डाग 538 अंशांच्या वर वितळतो. ब्रिटनमध्ये मात्र कथलाचा डाग चालतो, तेव्हा तुमच्या इथला नियम काय ते आधी विचारा. एसीवाला ब्रेझिंग करतो, पण त्याच्या हातातली रॉड बऱ्याचदा फॉस्फरसवाली असते आणि गॅसमधलं गंधक तिला खातं, अमेरिकन कोड तर 0.05 टक्क्यांच्या वर फॉस्फरस चालवूनच घेत नाही. त्यामुळे रॉड कुठली आहे हे विचारायला लाजू नका, तो वैतागला तरी चालेल.

फ्लेअर जॉइंट, म्हणजे पाइपाचं तोंड उमलवून नटाने आवळलेला जोड, असेल तर शेजारी उभं राहून बघा, सगळं डोळ्यांना दिसतं. पाइप कटरने कापलाय ना, करवतीने नाही? आतल्या कडेला राहिलेली धार रीमरने काढली का? नट आधी पाइपात सरकवला का, कारण तो राहिला की फ्लेअर मारून झाल्यावर आठवतो आणि मग परत कापा. तोंड उमललं की ते गुळगुळीत दिसलं पाहिजे, केसाएवढी चीर दिसली तरी कापून नवीन मारायचं. आणि कृपा करून त्यावर टेफलॉन टेप गुंडाळू देऊ नका, तिथे सील आटे करतच नाहीत, धातूचं तोंड धातूवर बसून सील होतं, टेपने उलट ते नीट बसत नाही. आवळताना दोन पाने लागतात, एकाने धरायचं, एकाने फिरवायचं, नाहीतर पाइपच पिळला जातो.

भिंतीतून पाइप न्यायचा तर बाहेरून स्लीव्ह, म्हणजे जरा मोठ्या पाइपचा तुकडा, घाला आणि भिंतीच्या आत जॉइंट ठेवू नका, विषय संपला. नंतर ती लाइन कुठून गेली हे कुणाला आठवत नाही, म्हणून प्लास्टर व्हायच्या आधी मोजायची टेप धरून फोटो काढा. क्लॅम्प तांब्याचे किंवा प्लास्टिकचे, उघड्या लोखंडाचे नकोत. आणि पाइपवर गॅस म्हणून पिवळी खूण करा, नाहीतर उद्या कुणीतरी पाण्याचा समजून कापेल.

टेस्ट शेगडी जोडायच्या आधी. लाइनमध्ये हवा किंवा नायट्रोजन भरायचा (ऑक्सिजन अजिबात नाही, तेलाचा थेंब जरी असला तरी भडका उडू शकतो), गेज लावून काटा उतरतोय का बघायचं, मग प्रत्येक जोडावर साबणाचा फेस लावायचा. झालं की ओल्या फडक्याने पुसून घ्या, फेसासाठी घेतलेल्या साबणात किंवा क्लीनरमध्ये अमोनिया असेल तर पितळेच्या नटाला चिरा जातात. काडी ओढून लीक शोधणारे अजूनही आहेत, त्यांना घराबाहेर काढा.

एलपीजी हवेपेक्षा जड, गळला की जमिनीलगत साचतो, आणि नैसर्गिक गॅस हलका, तो छताकडे जातो, त्यामुळे डिटेक्टर लावणार असाल तर एकाला खाली आणि दुसऱ्याला वर. वास आला तर मात्र डिटेक्टरची वाट बघू नका, कॉक बंद, खिडक्या उघड्या, दिव्याचं बटण चालूही नाही नि बंदही नाही, आणि फोन बाहेर जाऊन.

शेगडीच्या मागचा शेवटचा तुकडा कॉपरचा करू नका, सरकवावी लागणारी शेगडी असेल तर नाहीच. तांबं परत परत वाकवलं की कडक होत जातं आणि एक दिवस तिथेच तडकतं. तिथे गॅससाठीचा फ्लेक्सिबल होज लावा, आणि त्याच्या अलीकडे कॉक, तोही हात पोचेल असा, शेगडीच्या पाठीमागे लपवलेला नाही.