बंद कंपनीकडचं येणं: आमची वाटचाल

भोसरी एमआयडीसीत आम्ही सुरुवात केली ती छोट्या वर्कशॉपवाल्यांचे हिशेब लिहून. जॉबवर्कची बिलं, व्हॅटची रिटर्न, कामगारांचा पीएफ. मग २०१६ साली नादारी व दिवाळखोरी संहिता आली आणि हळूहळू गिऱ्हाइकांच्या तोंडी नवी तक्रार आली, "साहेब, त्या कंपनीवर आरपी बसलाय." आरपी म्हणजे रिझोल्यूशन प्रोफेशनल, कर्ज थकलेल्या कंपनीचा कारभार हाती घेणारा माणूस. हातात वकिलाची नोटीस, पण मोरेटोरियम, म्हणजे वसुलीला कायद्याची स्थगिती, लागला की कंपनीवरचे दिवाणी दावे आहेत तिथेच थांबतात. येणं मागायचं ते आरपीकडे. पुरवठादाराने फॉर्म बी भरायचा, कामगाराने फॉर्म डी. आरपीच्या नेमणुकीपासून मुदत १४ दिवस. त्यामुळे दावे मागवणाऱ्या पेपरातल्या जाहिराती चाळणं हे आमच्याकडचं सकाळचं पहिलं काम झालं.

दावा उभा राहतो तो माल पोचवल्याच्या चलनावर. मिठाईच्या खोक्यात कोंबलेली चलनं आमच्या टेबलावर ओतली जातात, तेव्हा आम्ही बिलाची रक्कम नंतर बघतो. आधी शोधतो तो गेटवरचा जांभळा शिक्का आणि त्यात पेनाने लिहिलेला आवक नंबर. माल आत गेला हे त्यानेच सिद्ध होतं. शिक्का पुसट असेल तर समोरच्याने त्या बिलाचं जीएसटी क्रेडिट घेतल्याचा पुरावा मिळतो का ते बघतो.

रांगेत नंबर कुठे आहे, हे पहिल्याच भेटीत सांगून टाकतो. कंपनी लिक्विडेशनमध्ये गेली, म्हणजे मालमत्ता विकून पैसे वाटायची वेळ आली, की संहितेच्या कलम ५३ प्रमाणे आधी प्रक्रियेचा खर्च निघतो. मग कामगारांचा २४ महिन्यांपर्यंतचा थकलेला पगार आणि तारणावरचा हक्क सोडून दिलेल्या बँका, दोघे बरोबरीने. मग इतर कर्मचारी, विनातारण कर्ज देणारे, सरकार. पुरवठादार त्याच्याही मागे. हे ऐकून काहीजण चहा न घेताच उठतात. कामगारांचा पीएफ आणि ग्रॅच्युइटी मात्र या वाटपात येतच नाही, ती वेगळी मिळायला हवी. पुष्कळ कामगारांना हे कुणी सांगितलेलंच नसतं.

मार्च २०२० मध्ये अर्ज करायला लागणाऱ्या थकबाकीची किमान मर्यादा १ लाखावरून १ कोटीवर गेली आणि छोट्या माणसाचा स्वतः एनसीएलटीत (राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात) जायचा रस्ता जवळपास बंद झाला. दुसऱ्याने सुरू केलेल्या प्रकरणात दावा लावणं तेवढं उरलं. चेक बाउन्सचं वेगळं. मोरेटोरियम कंपनीला वाचवतो, सही करणाऱ्या डायरेक्टरला नाही, असं सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये स्पष्ट केलंय.

हल्ली 'स्ट्राइक ऑफ' झालेल्या, म्हणजे सरकारी नोंदीतून नाव काढलेल्या, कंपन्यांची कामं जास्त येतात. नाव रजिस्टरमधून गेलं म्हणून लोक पैशांवर पाणी सोडतात. पण कंपनी कायद्याच्या कलम २५२ खाली घेणेकरी किंवा कामगार राजपत्रातल्या प्रसिद्धीपासून २० वर्षांपर्यंत नाव परत लावून मागू शकतो. रक्कम पंधरा-वीस हजारांची असेल तर आम्हीच नको म्हणतो, खर्चच त्याहून जास्त होतो. मोठी असेल तर आधी कंपनीच्या नावावर एखादा प्लॉट राहिलाय का ते काढतो, मगच वकिलाकडे फाइल पाठवतो.