जोर्वे भांडी: काळी रेघ जमली, तोटी अडली

मंडळी, जोर्वे पद्धतीच्या भांड्यांचं काम पुढे सरकलंय. वाडगे चाकावर बऱ्यापैकी उतरतात, काळी रेघ आव्यातून (भांडी भाजायच्या उघड्या ढिगातून) काळीच बाहेर येते. तोटीचं घोडं मात्र अजून पेंड खातंय.

नव्या मंडळींसाठी थोडक्यात: संगमनेरजवळ प्रवरेकाठच्या जोर्वे गावी १९५०-५१ साली पुरातत्त्वज्ञ सांकलिया आणि देव यांनी उत्खनन केलं, त्यावरून या ताम्रपाषाणयुगीन (तांबं आणि दगड दोन्हींची हत्यारं वापरणाऱ्या) संस्कृतीला नाव मिळालं. काळ साधारण इ.स.पू. १४०० ते ७००. नेवासे, दायमाबाद, इनामगाव ही तिची ओळखीची ठाणी. (यातल्या कुठल्याही पांढरीवर, म्हणजे जुन्या वस्तीच्या टेकाडावर, गेलात तर खापरं बघा, फोटो काढा, पण खिशात घालू नका.)

सुरुवात वाडग्यापासूनच करावी. त्याची वरची बाजू किंचित आत दबलेली असते आणि पोटाशी गोलाईऐवजी ठसठशीत कोन असतो. नुसत्या बोटांनी हा कोन बोथटच येतो. म्हणून मी वाडगा जाडसर ओढतो, सावलीत निबर होऊ देतो, मग चाकावर पालथा घालून बांबूच्या पट्टीने कोनाखालचा भाग तासतो. माती वस्त्रगाळच हवी. बारीकसा खडाही पट्टीखाली फरफटतो आणि कड फाटते. मूळ भांडी इतकी छान भाजलेली असतात, की टिचकी मारली की खणखणतात. माझी अजून ‘ठक्’ म्हणतात, कारण उघड्या आव्यात तेवढी आच टिकत नाही. इनामगावात कुंभाराची भट्टीच सापडली आहे, तेव्हा बंदिस्त भट्टीला पर्याय दिसत नाही.

रंगाचं सांगतो. नुसत्या गेरूची रेघ, हवा खेळती असली की लालच भाजते आणि भांड्यावर दिलेल्या पातळ मातीच्या तांबड्या लेपात दिसेनाशी होते. मँगनीज मात्र अशा आचेतही काळं राहतं. सध्या गेरू आणि मँगनीज डायऑक्साइड निम्मं-निम्मं, त्यात लेपाचीच थोडी निवळलेली माती, एवढ्यावर काम भागतंय. रेघ भाजण्याआधीच ओढायची. पूड खलताना मास्क लावा, ती फुप्फुसांना वाईट.

नक्षीत आडवे पट्टे, तिरप्या रेघा, जाळी भरलेल्या शंकरपाळ्या. प्राणी त्यामानाने विरळ, त्यामुळे वाडगाभर हरणं काढून त्याला ‘जोर्वे’ म्हणणं मला पटत नाही. घोटून चकाकी आणायचीही गरज नाही, या भांड्यांचा पृष्ठभाग मुळात मंदच असतो.

आता तोटी. काठीवर माती गुंडाळून नळी करतो, भांड्याला भोक पाडून पातळ चिखलाने चिकटवतो. नळी पोटाच्या आधी सुकते, आकसते आणि सांध्यावर तडा जातो. पुढच्या खेपेला नळीभोवती ओलं फडकं गुंडाळून पोट आधी सुकू देणार आहे. कुणी सांध्यात वेगळी माती वापरून पाहिली असेल, तर वाळू किती घातली तेवढं कळवा.