वरातीतला लेफ्ट-राइट

परवा मावसभावाचं लग्न होतं, हॉलपासून मारुतीच्या देवळापर्यंत जेमतेम दोनशे पावलं असतील, तेवढ्याला आम्हाला सव्वा तास लागला! आणि पुढे कोण, तर बँड. म्हणजे गंमत बघा, सैनिकांनी मिनिटाला साधारण १२० पावलं एका ठेक्यात टाकावीत म्हणून जे वाजवायचे, तेच आपण कुणी पुढे सरकू नये म्हणून वाजवतो.

लाल कोट, खांद्यावर सोनेरी झालर, डोक्यावर तुरा, सगळा थाट पलटणीचा, आणि पायात चपला. वाद्यंसुद्धा बहुतेक मेरठची, तिथे जली कोठी भागात पितळी वाद्यं बनवायचे कारखाने आहेत, आणि मेरठ म्हणजे मूळची इंग्रजांची मोठी छावणी, त्यामुळे ते तिथे का हे सांगायला नको.

पण हे सगळं इंग्रज लादून गेले असं म्हणायला माझं मन धजत नाही. तंजावरचे आपले दुसरे सरफोजी राजे, १७९८ ते १८३२ गादीवर होते, त्यांनी हौसेने दरबारात पाश्चात्त्य वाद्यांचा बँड ठेवला होता. आणि त्याच काळात कर्नाटक संगीतातले मोठे रचनाकार मुत्तुस्वामी दीक्षितर यांनी इंग्रजांच्या बँडच्या चाली उचलून त्यांवर संस्कृत शब्द बसवले, नोट्टुस्वर म्हणतात त्यांना, त्यात चक्क ब्रिटनच्या राष्ट्रगीताच्या, म्हणजे ‘गॉड सेव्ह द किंग’च्या चालीवर देवीची स्तुती आहे. राजाची चाल देवीला!! मला हे वाचून इतका आनंद झाला की काय सांगू.

तर वरातीत परत येतो. डीजे स्वस्त पडतो वगैरे चर्चा घरात झालीच होती, पण डीजेला मामा दिसत नाही. बँडमास्तर क्लॅरोनेट तोंडात धरून उलटा चालत होता, नजर सगळी मामाच्या पायांवर, मामा रंगात आला की हाताने खूण आणि मुखडा परत, परत, परत, ट्रम्पेटवाल्याचे गाल फुगून लाल झालेले, ड्रमवाला हसतोय. मामाने दहाची नोट ओवाळली की अजून एकदा.

शेवटी गुरुजींचाच फोन आला, मुहूर्ताला बारा मिनिटं राहिलीत म्हणून. मावशी मास्तरावर ओरडली. मास्तराने शांतपणे मामाकडे बोट दाखवलं.