भुवया वर म्हणजे ‘हो’

पहिल्या दिवशी मी विचारलं, “नाचायचं का?” कुणी तोंड उघडलं नाही. पुन्हा विचारलं. शाळेच्या जिममध्ये पंचवीसेक पोरं, सगळ्यांच्या भुवया जराशा वर. आपल्याकडे कुणी भुवया उंचावल्या की आपण काय समजतो? मीही तेच समजले. जेवणाच्या सुट्टीत शाळेतल्या बाई हसत म्हणाल्या, “अगं, ती केव्हाची ‘हो’ म्हणतायत!” उत्तर ध्रुवाकडच्या मूळ रहिवासी इनुइट लोकांत भुवया वर म्हणजे हो, नाक मुरडलं म्हणजे नाही.

गाव कॅनडातल्या नुनावुतमधलं, बॅफिन बेटावरचं. तिथे गावागावांना जोडणारे रस्तेच नाहीत. ओटावाहून नुनावुतची राजधानी इकॅलुइटला विमानानं तीन तास, पुढे छोटं विमान. धुकं पडलं, म्हणून आम्ही दोन दिवस अडकलो. हिपहॉप घेऊन तिथल्या पोरांकडे जाणं काही आमच्यापासून सुरू झालं नाही. ओटावाचे समाजसेवक स्टीफन लीफ्लूर २००६ सालीच इकॅलुइटला गेले होते. आमचे पाच दिवसही त्याच वळणाचे: सकाळी नाच, दुपारी गोल करून बसायचं आणि राग, दारू, अकाली गेलेले मित्र यांबद्दल बोलायचं. दुपारचं इथे लिहीत नाही. ते त्यांचं आहे.

दुसऱ्या दिवशी मी ‘फ्रीझ’, म्हणजे नाचता नाचता एका पवित्र्यात गोठून थांबणं, शिकवत होते. एक पोरगा म्हणाला, हे तर सोपं. त्यानं जोर काढताना टेकतो तसं अंग टेकवलं, पण वळलेल्या मुठींवर, आणि तसाच टुणटुण उड्या मारत जिमच्या पार टोकाला गेला. नकल हॉप, त्यांचा जुना खेळ. मी चार उड्यांत बोटांची सालटं काढून घेतली. पोरं पोट धरून हसली. त्यानंतर मला कुणाला बोलवावं लागलं नाही.

मग दोन मुली एकमेकींचे दंड धरून समोरासमोर उभ्या राहिल्या आणि घशातून, श्वास आत-बाहेर करत, ताल धरला. काताज्जाक. जी आधी हसेल ती हरली. मला आजीच्या फुगडीतला पकवा आठवला. तोंडानंच ताल देणारा बीटबॉक्सर शोधायचं कामच संपलं.

मिशनऱ्यांच्या काळात हे गाणं दडपलं गेलं होतं, म्हणून शेवटच्या कार्यक्रमाआधी मागे खुर्चीत बसलेल्या आजीबाईंना विचारलं, याच्याखाली आमचा बीट लावू का? त्यांनी नाक मुरडलं. मग स्पीकरकडे बोट केलं. मी आवाज निम्म्यावर आणला आणि परत विचारलं.

भुवया वर.