तुम्ही विचारलेत म्हणून: रोझीच का?

इटालियन चित्रपटांचा विषय निघाला की मला हटकून एक प्रश्न येतो: फेलिनी, डी सिका हे नावाजलेले दिग्दर्शक बाजूला ठेवून तुम्ही फ्रान्चेस्को रोझीच पाहायला का सांगता?

‘साल्वातोरे जुलियानो’ची (१९६२) पहिली काही मिनिटे हेच त्याचे उत्तर आहे. सिसिलीतल्या एका अंगणात कुप्रसिद्ध डाकू जुलियानो मरून पालथा पडला आहे, आणि अधिकारी त्याच्या कपड्यांचे, जखमांचे वर्णन पंचनाम्याच्या कोरड्या सुरात लिहवून घेत आहे. चित्रपट ज्याच्या नावाचा, त्याचा चेहरा पुढेही जवळजवळ दिसत नाही. दिसतात ती त्याला वापरून घेणारी माणसे. १ मे १९४७ रोजी पोर्तेल्ला देल्ला जिनेस्त्रा येथे जमलेल्या शेतकऱ्यांवर जुलियानोच्या टोळीने गोळ्या झाडल्या, ११ जण ठार झाले. पण हुकूम कोणाचा, याचा उलगडा न्यायालयातही झाला नव्हता, म्हणून रोझीही तो करत नाही. हा संयम मला फार मोठा वाटतो.

दिग्दर्शक व्हिस्कोंतींच्या ‘ला तेर्रा त्रेमा’ या चित्रपटासाठी (१९४८) रोझींनी कोळ्यांच्या गावात साहाय्यक म्हणून केलेली उमेदवारी येथे कामी आली असावी. पुढे तेल-उद्योगातील बडे प्रस्थ एन्रिको मात्तेई यांच्या विमान-अपघातावर त्यांनी चित्रपट काढला (१९७२) आणि त्याला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. मात्र त्यासाठी माहिती गोळा करणारा पत्रकार माउरो दे माउरो १९७० मध्ये पालेर्मोतून नाहीसा झाला, तो परतलाच नाही. १९८४ चा, बिझेच्या ऑपेरावरचा ‘कार्मेन’ देखणा आहे, पण त्यासाठी रोझीच हवे होते असे नाही.

सुरुवात मात्र त्यांच्या जन्मगावावरच्या, नेपल्सवरच्या, ‘ले मानी सुल्ला चित्ता’ने (‘शहरावरचे हात’, १९६३) करावी. शेजारच्या बांधकामामुळे जुनी इमारत कोसळते, माणसे दगावतात. बिल्डर स्वतःच नगरसेवक असतो (मुंबईकरांना हे समजावून सांगायला नको) आणि चौकशीत सगळी कागदपत्रे चोख निघतात. त्याला जाब विचारणाऱ्या नगरसेवकाच्या भूमिकेत कार्लो फेर्मारिएल्लो हे प्रत्यक्षातले कामगार नेते आणि नगरसेवकच आहेत. भर सभागृहात सत्ताधारी सदस्य हात उंचावून ‘आमचे हात स्वच्छ आहेत’ असे ओरडतात, तो प्रसंग नीट पाहा. शेवटी नव्या वसाहतीच्या पायाभरणीला मंत्री येतात, धर्मगुरू आशीर्वाद देतात, आणि यंत्राचे घण जमिनीवर पडू लागतात.