ई-६बी चकतीवर उड्डाणाची आकडेमोड: माझा अनुभव

व्यावसायिक वैमानिकाच्या परवान्यासाठी डीजीसीएच्या (नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाच्या) एअर नेव्हिगेशनच्या पेपरची तयारी करताना माझा बराच वेळ ई-६बी या हाताने फिरवायच्या फ्लाइट कॉम्प्युटरवर गेला, आणि तो सत्कारणी लागला असे मला मनापासून वाटते. फिलिप डाल्टन या अमेरिकी नौदल अधिकाऱ्याने १९३० च्या दशकात घडवलेल्या या साधनाच्या एका बाजूला वर्तुळाकार स्लाइड रूल (फिरत्या मोजपट्ट्यांवर गुणाकार-भागाकार करायचे साधन) असतो, तर दुसऱ्या बाजूला वाऱ्याचा त्रिकोण (विमानाचा वेग, वारा आणि जमिनीवरचा मार्ग यांचे गणित) सोडवणारी पारदर्शक चकती आणि सरकती पट्टी.

आमच्या सरांनी सुटी सुटी गणिते न देता एकच उड्डाण पहिल्यापासून शेवटपर्यंत सोडवायला लावले, हे फार बरे झाले. विदर्भातला मे महिना, प्रेशर अल्टिट्यूड (हवेच्या दाबावरून मोजलेली उंची) ५००० फूट, बाहेरचे तापमान २५ अंश, कॅलिब्रेटेड एअरस्पीड (उपकरणाची चूक दुरुस्त केलेला, वेगमापकावरचा वेग) ९५ नॉट, म्हणजे ताशी ९५ नॉटिकल मैल. खिडकीत उंची आणि तापमान समोरासमोर आणले की आतल्या वर्तुळावरच्या ९५ समोर बाहेरच्या वर्तुळावर ट्रू एअरस्पीड (हवेतला खरा वेग) १०६ दिसतो. त्या उंचीच्या प्रमाणित ५ अंश तापमानाला तोच १०२ येतो, म्हणजे उन्हाळ्यातली विरळ हवा नेमके काय करते ते चकती फिरवताच कळते.

पुढे वारा. ट्रॅक (जमिनीवरून जायच्या मार्गाची दिशा) ०९०, वारा ०४० अंशांवरून २० नॉट. ट्रू इंडेक्स या वरच्या खुणेखाली ०४० आणून मध्यबिंदूच्या वर २० नॉटांवर बारीक टोकाच्या पेन्सिलीने ठिपका द्यायचा, मग इंडेक्सखाली ०९० आणायचे आणि ठिपका १०६ च्या कमानीवर येईपर्यंत पट्टी सरकवायची. मध्यबिंदूखाली ग्राउंडस्पीड (जमिनीच्या सापेक्ष वेग) ९२ नॉट मिळतो आणि ठिपका डावीकडे ८ अंशांवर असतो, म्हणून हेडिंग (विमानाचे नाक ठेवायची दिशा) ०८२. ठिपका वाऱ्याच्याच बाजूला पडत असल्याने करेक्शन अधिक की वजा हे पाठ करावे लागत नाही. मला या पद्धतीतली हीच गोष्ट सर्वांत आवडते.

त्या ग्राउंडस्पीडने १३८ नॉटिकल मैलांना ९० मिनिटे आणि ताशी २४ लिटरच्या हिशेबाने ३६ लिटर इंधन, हे स्लाइड रूलवर लगेच निघते. मात्र तिथे दशांशचिन्ह नसते. ३६ म्हणजे ३.६ही असू शकतात आणि ३६०ही. म्हणून सरांनी आधी तोंडी अंदाज करण्याची शिस्त लावली: दीड तास, ताशी पंचविसाच्या आत, म्हणजे चाळिसाच्या थोडे खाली. आता क्रॉस कंट्रीला (दुसऱ्या ठिकाणापर्यंतच्या लांब उड्डाणाला) निघण्यापूर्वी मी नॅव्हलॉगच्या (उड्डाणाच्या आखणीच्या तक्त्याच्या) समासात प्रत्येक लेगचा, म्हणजे टप्प्याचा, अंदाज लिहितो आणि मगच चकती हातात घेतो. दोन्ही आकडे जुळले नाहीत, तर दोन्ही पुन्हा काढतो.